निवाडा कुणाचा अंतिम?



आपल्यापैकी जे हॉस्पिटलात नर्स आहेत, शाळा-कॉलेजात शिकवतात, वीज कंपनीत, महापालिकेत किंवा सरकारी खात्यात नोकरी करतात, त्यांनी या महिन्याची पे-स्लिप जरा काढून पाहावी. कपातीच्या रकान्यात टॅक्स, पेन्शन वगैरेंच्या खाली ‘युनियन ड्यूज’ अशी एक ओळ असते. बरेचजण तिच्याकडे कपाळाला आठी घालून बघतात. “आम्ही कधी सभासद होतो म्हणालो?” असा प्रश्नही आपल्या पॉटलकमध्ये अधूनमधून ऐकू येतो.

त्या ओळीमागचा इतिहास असा. १९४५ साली ओंटारिओतल्या विंडसरच्या फोर्ड कारखान्यात ९९ दिवसांचा संप झाला. तो मिटवण्यासाठी कॅनडाच्या सुप्रीम कोर्टाचे न्यायमूर्ती आयव्हन रँड यांना लवाद म्हणून नेमण्यात आलं. २९ जानेवारी १९४६ रोजी त्यांनी निवाडा दिला: युनियनचं सभासद होण्याची सक्ती कुणावर नको, पण युनियनने केलेल्या कराराचा फायदा सगळ्यांनाच मिळतो, म्हणून वर्गणी सगळ्यांनी द्यावी. हाच तो ‘रँड फॉर्म्युला’. म्हणजे आपल्या पगारातली ती ओळ मुळात एका लवादाने दिलेली आहे.

या देशात कामगार आणि मालक यांच्यातले तंटे कोण सोडवतो, याचं उत्तर ‘कोर्ट’ असं नाही. ते लवाद सोडवतो, म्हणजे आर्बिट्रेटर. पण लवादाचा निवाडा ज्याला आवडत नाही, तो कोर्टात धावतो. तिथे न्यायाधीशाने काय करावं? पुन्हा पहिल्यापासून खटला ऐकावा, की लवादावर विश्वास ठेवून हात मागे घ्यावा? प्रश्न वकिली वाटतो. पण बडतर्फ झालेल्या नर्सला तिची नोकरी परत मिळणार की नाही, आणि मिळाली तर वर्षाने की सात वर्षांनी, हे त्याच्या उत्तरावर ठरतं. म्हणून यावेळचं संपादकीय या विषयावर.

एका सौद्याची गोष्ट

१७ फेब्रुवारी १९४४ रोजी, महायुद्ध चालू असताना, मॅकेन्झी किंग सरकारने ‘पी.सी. १००३’ नावाचा हुकूम काढला. बहुसंख्य कामगारांनी निवडलेल्या युनियनशी मालकाने वाटाघाटी केल्याच पाहिजेत, हे त्यात आलं. त्याच्या बदल्यात, करार चालू असेपर्यंत संप करायचा नाही, हेही आलं. मग करार चालू असताना मालकाने तो मोडला तर कामगाराने काय करायचं? तर तक्रार (इथल्या भाषेत ‘ग्रीव्हन्स’) नोंदवायची, आणि ती आपसात मिटली नाही तर लवादाकडे न्यायची. लवादाचा शब्द अखेरचा.

युद्ध संपलं, हुकूम गेला, पण हा सौदा प्रांताप्रांतांच्या कायद्यांत शिरला. आजही ओंटारिओच्या कामगार संबंध कायद्यात प्रत्येक सामूहिक करारात लवादाचं कलम असल्याचं गृहीत धरलं जातं. ते कलम कुणी लिहायला विसरला तरी कायदा ते घालतो. लवाद दोन्ही बाजूंनी मिळून निवडायचा, त्याची फी निम्मी-निम्मी भरायची, आणि त्याचा निर्णय ‘अंतिम आणि बंधनकारक’.

कामगारांनी यात काय दिलं हे लक्षात घ्या. त्यांनी आपलं सर्वात मोठं हत्यार, म्हणजे करारकाळातला संप, म्यान केलं. त्याबदल्यात त्यांना झटपट, स्वस्त आणि कामाच्या जागेची नस ओळखणारा न्याय मिळेल असं वचन होतं. आता समजा, प्रत्येक निवाडा मालक कोर्टात नेऊ शकला, आणि ज्याने कधी कारखान्याचं तोंड पाहिलं नाही असा न्यायाधीश तो नव्याने ठरवू लागला, तर त्या वचनाचं काय उरलं? हत्यार तर गेलंच, वर न्यायही लांबला. शहाण्याने कोर्टाची पायरी चढू नये असं आपण म्हणतो. कॅनडाच्या कामगाराने ती चढायची नाही असं कबूल केलं होतं. मालकाने मात्र त्याला खेचून त्याच पायरीवर न्यावं, हा कुठला न्याय?

पण कित्येक वर्षं तसंच चाललं होतं. ओंटारिओतल्या पोर्ट आर्थर (आताचं थंडर बे) इथल्या जहाज कारखान्यात काही कामगार गैरहजर राहून दुसरीकडे कामाला गेले. कंपनीने त्यांना काढलं. लवाद मंडळाचं म्हणणं पडलं की चूक झाली हे खरं, पण नोकरीच काढून घेण्याइतकी ती मोठी नाही, काही काळ निलंबन पुरे. १९६८ मध्ये सुप्रीम कोर्टाने सांगितलं की शिक्षा बदलण्याचा अधिकार लवादाला नाहीच. कामगारविश्वात खळबळ उडाली. अखेर कायदेमंडळांनीच कायद्यात स्पष्ट लिहिलं की लवादाला शिक्षा कमी करता येईल. गंमत म्हणजे त्या मंडळाचे अध्यक्ष हॅरी आर्थर्स पुढे यॉर्क विद्यापीठाचे प्रमुख आणि कामगार कायद्याचे या देशातले एक नामांकित अभ्यासक झाले.

कोर्ट नेमकं काय तपासतं?

दिशा बदलली ती १९७९ मध्ये. न्यू ब्रन्सविक प्रांतातल्या सरकारी दारूच्या दुकानांत संप चालू होता आणि वरिष्ठ अधिकारी स्वतः गल्ल्यावर उभे राहून दुकानं चालवत होते. संपकऱ्यांची जागा दुसऱ्याने घ्यायची नाही, असं कायद्यात होतं. पण त्या कलमाची वाक्यरचना इतकी धूसर होती की त्याचे तीन-चार अर्थ निघत. कामगार मंडळाने त्यातला एक अर्थ लावला आणि युनियनच्या बाजूने निर्णय दिला. सुप्रीम कोर्टात न्या. ब्रायन डिक्सन यांनी लिहिलं ते थोडक्यात असं: कायदेमंडळाने हा प्रश्न या मंडळाकडे सोपवला आहे. मंडळाने लावलेला अर्थ उघडउघड असमंजस नसेल, तर आम्ही मध्ये पडणार नाही. ते प्रकरण लवादाचं नव्हतं, कामगार मंडळाचं होतं. पण तिथून निघालेला संयमाचा धडा लवादांनाही लागू झाला.

याचा अर्थ कोर्टाचा दरवाजा बंद झाला असा नाही. तो बंद करताही येत नाही. ‘या निर्णयाविरुद्ध कोर्टात जाता येणार नाही’ असं कायद्यात कितीही ठळक लिहिलं, तरी आपल्या अधिकाराबाहेर जाणाऱ्याला आवरण्याचा वरिष्ठ न्यायालयांचा अधिकार राज्यघटनेतून येतो, हे सुप्रीम कोर्टाने १९८१ मध्ये क्वेबेकच्या एका प्रकरणात सांगितलं. प्रश्न आहे तो दार किती किलकिलं ठेवायचं याचा.

इथे क्रिकेटचा दाखला आपल्याला पटकन समजेल. पायचीतच्या निर्णयावर रिव्ह्यू घेतला की तिसरा पंच ‘मी असतो तर काय दिलं असतं’ असं विचारत नाही. चेंडू यष्टीला निसटता लागत असेल तर ‘अंपायर्स कॉल’, म्हणजे मैदानावरच्या पंचाचा शब्द राहतो, मग तो बाद असो की नाबाद. चूक धडधडीत असेल तरच निर्णय फिरतो. कॅनडातली ‘वाजवीपणाची कसोटी’ बरीचशी अशी आहे. न्यायाधीशाला लवादाचं उत्तर पटलं पाहिजे असं नाही, ते वाजवी उत्तरांच्या कक्षेत बसलं म्हणजे झालं. याउलट दुसरी ‘अचूकतेची कसोटी’: तिथे न्यायाधीश स्वतःचं उत्तर काढतो आणि तेच चालतं. ही दुसरी कसोटी घटनेचे प्रश्न आणि अशाच मोजक्या बाबींपुरती राखून ठेवलेली आहे.

आधी कसोट्या तीन होत्या. २००८ साली ‘डन्स्म्युअर’ प्रकरणात त्या दोनवर आणल्या गेल्या. त्यानंतर १९ डिसेंबर २०१९ रोजी आलेल्या ‘वाव्हिलोव्ह’ निकालाने सगळी चौकट नव्याने मांडली. हे प्रकरण कामगारांचं नव्हतंच. टोरोंटोत जन्मलेल्या एका तरुणाचे आईवडील रशियाचे छुपे हेर निघाले म्हणून त्याचं नागरिकत्व रद्द केलं होतं. कोर्टाने ते त्याला परत मिळवून दिलं आणि सर्वच सरकारी निर्णयांसाठी नियम घालून दिला: साधारणपणे वाजवीपणाचीच कसोटी लावायची, पण निर्णय देणाऱ्याने कारणं अशी द्यायला हवीत की ती वाचून समजतील, एकमेकांना धरून असतील, आणि ज्याच्यावर निर्णय कोसळणार आहे त्याच्या मुद्द्यांना उत्तर देतील. परिणाम जितका गंभीर, तितकं स्पष्टीकरण जास्त. आपल्या आईचा व्हिसा किंवा भाच्याचा स्टडी परमिट नाकारणाऱ्या अधिकाऱ्यालाही हीच मोजपट्टी लागते, आणि कामगाराला घरी पाठवणाऱ्या लवादालाही.

संयमाने कुणाचं भलं झालं?

आता तत्त्व बाजूला ठेवून माणसांकडे पाहू.

टॉनी मायोरिन ब्रिटिश कोलंबियात जंगलातले वणवे विझवण्याचं काम करत होती. तीन वर्षं तिचं काम चोख होतं. मग सरकारने नवी शारीरिक चाचणी आणली. त्यात अडीच किलोमीटर अंतर ११ मिनिटांत पळायचं होतं. चार वेळा प्रयत्न करूनही ती ४९.४ सेकंदांनी मागे पडली आणि तिची नोकरी गेली. लवादापुढे पुरावा आला की ही चाचणी पहिल्या फटक्यात ६५ ते ७० टक्के पुरुष पार करतात, पण स्त्रिया फक्त ३५ टक्के. आणि तेवढ्या वेगाने पळता आलं तरच आग सुरक्षितपणे विझवता येते, हे सरकारला दाखवता आलं नाही. लवादाने तिला कामावर परत घ्यायला सांगितलं. प्रांताच्या अपील कोर्टाने ते फिरवलं. १९९९ मध्ये सुप्रीम कोर्टाने लवादाचा निवाडा पुन्हा जिवंत केला, आणि ‘सगळ्यांना एकच फूटपट्टी म्हणजे समानता’ या समजाला कॅनडात कायमचा तडा गेला. आज कामाच्या ठिकाणी पगडी, हिजाब, गरोदरपण किंवा पाठदुखी यांसाठी सोय मागताना आपण जो नियम वापरतो, तो या खटल्यातून आला.

दुसरं उदाहरण न्यू ब्रन्सविकमधल्या सेंट जॉन शहरातल्या आयर्व्हिंगच्या कागद गिरणीचं. २००६ मध्ये कंपनीने एकतर्फी धोरण आणलं: जोखमीच्या कामावरच्या १० टक्के लोकांची वर्षभरात कधीही, कुठलंही कारण नसताना, दारूची तपासणी. ज्या कामगाराने तक्रार केली तो १९७९ पासून दारूच्या थेंबाला शिवलेला नव्हता. तपासणीत आकडा अर्थातच शून्य आला. त्याचा मुद्दा साधा होता: संशयाला कारण नसताना माझा श्वास का मोजता? लवाद मंडळाने बहुमताने पाहिलं की १५ वर्षांत दारूशी संबंधित आठ घटना, एवढाच कंपनीचा पुरावा आहे. तेवढ्यासाठी सगळ्यांच्या खासगीपणावर घाला घालता येत नाही. प्रांतातल्या दोन्ही कोर्टांनी हा निवाडा मोडला. गिरणी धोकादायक आहे एवढं पुरे, असं अपील कोर्ट म्हणालं. २०१३ मध्ये सुप्रीम कोर्टाने सहा विरुद्ध तीन मतांनी लवादाचं म्हणणं परत बसवलं. मालकाने एकतर्फी केलेला नियम वाजवी हवा, हे सूत्र लवादांनी १९६५ पासून घडवत आणलं होतं. न्यायाधीशांनी ते एका फटक्यात पुसू नये, हा त्या निकालाचा गाभा.

दोन्ही ठिकाणी एक गोष्ट समान आहे. कामाच्या जागेचा बारीकसारीक पुरावा ज्याने ऐकला त्या लवादाला खरं दिसलं होतं, आणि मधल्या कोर्टांना दिसलं नाही. माझ्या मते संयमाच्या बाजूचा सर्वात भक्कम युक्तिवाद हाच. लवादाने साक्षीदार पाहिलेले असतात, पाळीचा फोरमन आणि कामगार यांच्यातला ताण त्याच्यासमोर उलगडलेला असतो. कोर्टासमोर येतो तो फक्त कागद.

दुसरी बाजू

पण संयम म्हणजे दर वेळी कामगारांचा विजय, असं समजण्याचा भाबडेपणा आपण करू नये. २०११ मध्ये न्यूफाउंडलंडच्या नर्सेसच्या युनियनने एक निवाडा आव्हानित केला. कॅज्युअल म्हणून केलेली सेवा, कायम झाल्यावर रजेच्या हिशेबात धरावी, असं त्यांचं म्हणणं. लवादाने नाही म्हटलं आणि कारणं फारच त्रोटक दिली. सुप्रीम कोर्टाने एकमताने सांगितलं की कारणं थोडकी असली तरी निकालाकडे पाहून ती समजतात, निवाडा राहील. तशीच २०१९ ची टपाल कामगारांची केस. वाव्हिलोव्हच्या दुसऱ्याच दिवशी निकाल लागला. पत्रं वाटायच्या वाटांवर सुरक्षेची पाहणी करणं कॅनडा पोस्टवर बंधनकारक नाही, असं एका अपील अधिकाऱ्याने ठरवलं होतं, आणि कोर्टाने ते ‘वाजवी’ म्हणून राखलं. डिसेंबरात निसरड्या पायऱ्या चढणाऱ्या टपालवाल्याला तो शब्द कसा लागला असेल, हे आपण ओळखू शकतो.

कधी कोर्टाने हात घातला हेच बरं झालं, असंही होतं. टोरोंटो महापालिकेच्या एका क्रीडा प्रशिक्षकाला त्याच्या देखरेखीतल्या मुलावर लैंगिक अत्याचार केल्याबद्दल फौजदारी कोर्टात शिक्षा झाली होती. लवादाने तो पुरावा पुन्हा उकरून ‘हे घडलंच नाही’ असं ठरवलं आणि त्याला कामावर परत घ्यायला सांगितलं. २००३ मध्ये सुप्रीम कोर्टाने तो निवाडा रद्दच ठेवला. फौजदारी कोर्टात सिद्ध झालेला गुन्हा लवादाच्या खोलीत पुसता येत नाही.

आणि अगदी अलीकडचं, २१ जून २०२४ चं यॉर्क रीजनच्या शाळेचं प्रकरण. आपल्यापैकी अनेकांची मुलं याच भागातल्या शाळांत जातात. दोन शिक्षिकांनी शाळेतल्या वातावरणाबद्दल स्वतःच्या खासगी, पासवर्ड असलेल्या गूगल खात्यात नोंदी ठेवल्या होत्या. वर्गातल्या लॅपटॉपवर ती फाईल उघडी राहिली होती. मुख्याध्यापकांनी वर्गात जाऊन ती वाचली आणि मोबाईलवर स्क्रीनचे फोटो काढले. त्यावरून शिक्षिकांना लेखी ताकीद मिळाली. लवादाने खासगीपणाचा साधा तोल मोजला आणि तक्रार फेटाळली. सुप्रीम कोर्ट म्हणालं की सरकारी शाळेला कॅनडाचा हक्कांचा जाहीरनामा, म्हणजे चार्टर, लागू आहे, शिक्षिकांनाही बेकायदा झडतीपासून संरक्षण आहे, आणि लवादाने तो कायदा लावायलाच हवा होता. इथे कसोटी अचूकतेची लागली, आणि लागायलाच हवी होती. मूलभूत हक्क आहे की नाही, याचं उत्तर लवादागणिक बदलून चालणार नाही.

तर मग माझी भूमिका काय? करार वाचणं, पुरावा तोलणं, शिक्षा ठरवणं, हे सगळं लवादाचं. तिथे कोर्टाने हात आखडता घ्यावा, मग निकाल आपल्याला आवडो वा न आवडो. मूलभूत हक्कांची व्याख्या मात्र कोर्टाची. आणि या दोहोंच्या मध्ये एक अट: लवादाने कारणं द्यावीत, हरलेल्या माणसाला वाचून कळतील अशी. अंतिम शब्दाचा मान हवा असेल तर ती त्याची किंमत आहे. १९७९ चा संयम आणि २०१९ चा कारणांचा आग्रह हे मला एकमेकांचे शत्रू वाटत नाहीत. न्यूफाउंडलंडच्या नर्सेसना निदान दोन पानं जास्त मिळायला हवी होती.

आपल्याकडचं उलट चित्र

आपल्यापैकी ज्यांनी भारतातली कामगार चळवळ पाहिली आहे, त्यांना हे सगळं उलटं वाटेल. तिथे पुरोगामी वकील कोर्टाने हस्तक्षेप करावा म्हणून झगडत. अहमदाबादच्या गुजरात स्टील ट्यूब्जमध्ये १९७३ च्या संपानंतर कामगारांना सरसकट काढलं गेलं, आणि लवादाने मालकाची बाजू उचलून धरली. हायकोर्टाने तो निवाडा फिरवून कामगारांना परत घ्यायला लावलं, आणि १९७९ मध्ये न्या. कृष्ण अय्यर यांनी सुप्रीम कोर्टाच्या बहुमताच्या निकालात ते उचलून धरलं. तो निकाल आजही अभिमानाने सांगितला जातो. मग इथे आपण कोर्टाला दूर राहा का म्हणावं?

एक कारण रचनेचं. युद्धकाळात, १९४२ मध्ये, भारतातही ‘भारत संरक्षण नियमां’तलं ८१-अ कलम आलं आणि संपाला आवर घालून तंटे निवाड्यासाठी सोपवण्याची सोय झाली. डॉ. आंबेडकर त्याच वर्षी व्हाइसरॉयच्या मंडळात मजूरमंत्री झाले. त्याच पायावर पुढे १९४७ चा औद्योगिक विवाद कायदा उभा राहिला. पण तिथे तंटा न्यायाधिकरणाकडे पाठवायचा की नाही हे मुख्यतः सरकार ठरवत होतं. इथे युनियन स्वतः ठरवते. (१९४७ च्या कायद्याची जागा आता २१ नोव्हेंबर २०२५ पासून औद्योगिक संबंध संहितेने घेतली आहे.) दुसरं कारण अनुभवाचं. न्यायाधीशांचा वारा बदलतो. कृष्ण अय्यर यांच्याच सुप्रीम कोर्टाने २००६ मध्ये उमादेवी प्रकरणात वर्षानुवर्षं राबलेल्या हंगामी सरकारी कर्मचाऱ्यांचा कायम होण्याचा रस्ता जवळजवळ बंद केला. चांगल्या न्यायाधीशाच्या भरवशावर उभा केलेला हक्क तो न्यायाधीश निवृत्त झाला की डगमगतो.

गिरणगावाचा धडा मात्र दोन्हीकडे लागू आहे. १९४६ च्या मुंबई औद्योगिक संबंध कायद्याने गिरणी कामगारांच्या वतीने बोलण्याचा मक्ता एकाच मान्यताप्राप्त संघटनेला दिला. तिच्यावर कामगारांचा विश्वास उरला नाही, तरी कायद्याने तीच खरी. १८ जानेवारी १९८२ ला सुमारे अडीच लाख कामगार डॉ. दत्ता सामंतांमागे गेले त्यामागे हा कोंडमाराही होता. कॅनडातही तक्रार युनियनच्या मालकीची असते. निवाडा विरुद्ध गेला आणि युनियनने कोर्टात जायचं नाही असं ठरवलं, तर कामगाराला सहसा एकट्याने जाता येत नाही, हे सुप्रीम कोर्टाने २००१ मध्ये क्वेबेकच्या एका खटल्यात स्पष्ट केलं. युनियनवर सचोटीने प्रतिनिधित्व करण्याचं बंधन आहे, पण ते सिद्ध करणं महाकठीण. म्हणून जो नवखा आहे, ज्याचे उच्चार वेगळे आहेत, ज्याला स्टुअर्ड ओळखतही नाही, त्याच्यासाठी खरा धोका कोर्टात नसून युनियनच्या हॉलमध्ये असू शकतो. त्या हॉलमध्ये आपण किती वेळा जातो?

युनियन नसलेल्यांचं काय?

आता आयटीतले, बँकेतले मित्र म्हणतील, “आमचा काय संबंध?” कॅनडात युनियनच्या कराराखाली येणारे नोकरदार साधारण ३० टक्के, खासगी क्षेत्रात त्याच्या निम्मेच. पण संबंध आहे, आणि अनेकांना तो माहीतच नसतो.

बँका, टेलिकॉम, विमान कंपन्या, आंतरप्रांतीय रेल्वे ही क्षेत्रं केंद्राच्या कायद्याखाली येतात. तिथे युनियन नसलेल्या, सलग १२ महिने नोकरी झालेल्या कर्मचाऱ्याला अन्यायाने काढलं तर ९० दिवसांच्या आत तक्रार करता येते. काम कमी झाल्याने झालेली कपात यात बसत नाही, आणि मॅनेजर यात येत नाहीत. पण मॅनेजर कोण हे व्हिजिटिंग कार्डावरून ठरत नाही, खऱ्या कामावरून ठरतं. कॉन्ट्रॅक्टवर किंवा स्वतःची कंपनी काढून काम करणाऱ्यांना बहुधा हा दरवाजा बंदच.

हा हक्क टिकला तो एका माणसामुळे. जोसेफ विल्सन हे अणुऊर्जा महामंडळात खरेदी विभागात होते. त्यांच्यावर कसलाही ठपका नव्हता. २००९ मध्ये त्यांना कारण न देता काढण्यात आलं आणि सहा महिन्यांचा पगार देऊ केला. ‘पैसे दिले की कारण द्यायची गरज नाही’ हा मालकाचा दावा. निर्णय देणाऱ्या अधिकाऱ्याने तो फेटाळला. केंद्राच्या दोन्ही कोर्टांनी मालकाला बरोबर ठरवलं. १४ जुलै २०१६ रोजी सुप्रीम कोर्टाने अधिकाऱ्याचा निर्णय परत बसवला: १९७८ मध्ये संसदेने हे कलम आणलं तेच मुळी अशा विनाकारण हकालपट्टीला आळा घालण्यासाठी. क्वेबेकमध्ये दोन वर्षांच्या नोकरीनंतर, नोव्हा स्कोशियात दहा वर्षांनंतर असंच काहीसं संरक्षण आहे. ओंटारिओत, जिथे आपण सर्वात जास्त संख्येने राहतो, युनियन नसलेल्याला कारण मागण्याचा असा हक्क नाही. नोटीस किंवा तिचे पैसे, आणि रामराम. याबद्दल आपण आपल्या प्रांतिक आमदाराला कधी पत्र लिहिलं आहे का?

टेबलाच्या दोन्ही बाजूंना

शेवटी एक अवघड गोष्ट. आपल्यातले बरेचजण आता डायरेक्टर आहेत, एच.आर.मध्ये आहेत, कुणी कंपनीचे वकील आहेत. निवाडा विरुद्ध गेला की “कोर्टात नेऊ” हे वाक्य टेबलाच्या त्या बाजूला बसून बोलणारे आपणही असू शकतो. तेव्हा हिशेब करावा: सेंट जॉनच्या कामगाराला सात वर्षं लागली, विल्सनना जवळपास सात, यॉर्कच्या शिक्षिकांना नऊच्या वर. कंपनीसाठी तो कायदेशीर खर्चाचा एक आकडा असतो. समोरच्यासाठी ती मॉर्गेजच्या हप्त्यांची वर्षं असतात. निवाड्यात खरोखर धडधडीत चूक असेल तर जरूर जा. केवळ थकवण्यासाठी जाणं हे १९४४ चा शब्द मोडणं आहे.

आणि जे या बाजूला आहेत त्यांनी एवढं करावं: आपला करार एकदा वाचावा, तक्रारीच्या मुदती कॅलेंडरवर लिहून ठेवाव्यात, स्टुअर्डचं नाव माहीत करून घ्यावं, आणि पुढच्या सभेला जावं. पे-स्लिपवरच्या त्या ओळीचे पैसे आपण भरतोच आहोत. त्या पैशांतून कुणाची तक्रार लवादापर्यंत जाणार, हे ठरवणाऱ्या खोलीत आपणही असायला हवं.

आपली मतं, आणि अर्थातच मतभेदही, जरूर कळवा.

— संपादक